कोणती चिंगी?

३ मार्च, मंगळवार

लाडके चिंगे,

डोक्यावरून, गालावरून आणि त्या नकट्या नाकावरून माझा हात फिरला असं समज.

तुझं पत्र आलं! मी दारातच दोन गिरक्या घेतल्या, शिंपीण साक्षीला आहे. शिंपीण म्हणजे माझी शेजारीण. तुला आठवत नसेल म्हणून सांगते, तिचं तोंड तिच्या मशिनीपेक्षा जोरात चालतं, पण मन साफ. तिनेच पत्र वाचून दाखवलं, कारण माझ्या चष्म्याची दांडी मोडलीय आणि तो दुरुस्तीला पडलाय. लिहिते मी अंदाजाने. ओळ वर चढली तर तूही मान वर कर.

फोन नको म्हणालीस ते बरंच झालं. मला फोनमध्ये नुसती घुरघुर ऐकू येते, आणि तुझ्या ऐकलेलं लक्षात राहत नाही. आपल्या दोघींना कागदच बरा.

डिसेंबरातला झटका चौथा ना गं? तू लिहिलंयस, शुद्धीवर आले तेव्हा आरशातली बाई ओळखीची वाटली, बसथांब्यावर रोज दिसणाऱ्या बाईइतकी. शिंपीण तिथे थांबली. मग म्हणाली, "आजी, मला तर रोज सकाळी असंच होतं." मग आम्ही हसलो. तू रागावू नकोस, रडणं त्याच्या आधी झालं होतं. पण हात विसरले नाहीत हे वाचून मला कोण आनंद! डोकं म्हणतंय मी कोण, आणि हात आपले कवळीत दात बसवतायत. मीही तीस वर्षं धुलाईखान्यात चादरी इस्त्री केल्या, अजून झोपेत चादरीचे कोपरे जुळवते. तुझे आजोबा म्हणायचे, ही मला पण घडी घालून ठेवेल एक दिवस.

तर मुद्दा. डॉक्टरांनी वही करायला सांगितलंय, तू कोण, कशी होतीस ते सगळं त्यात लिहायचं, आणि त्यासाठी तुला माझी जुनी पत्रं हवीत. अगं, आहेत की! तू दर वेळी खोली बदललीस की गठ्ठा माझ्याकडे ठेवायला द्यायचीस. पलंगाखालची पत्र्याची पेटी ओढली, आणि ज्या ज्या कागदावर वर मोठ्या अक्षरात 'लाडके चिंगे' दिसलं तो तो सगळा बांधून पाठवतेय. तेवढं मोठं अक्षर मला चष्म्याशिवाय दिसतं. आतलं वाचलं नाही. साल शोधू नकोस, मी साल घालत नाही. दुसरीत शाळा सुटली, सालापर्यंत पोचलेच नाही. आणि चालू साल कोणतं ते सगळ्यांना ठाऊकच असतं की.

वाच आणि भोकं बुजव. उत्तर आलं नाही तर शिंपिणीला तिकडे पाठवीन, ही धमकी समज.

तुझी आजी


११ मार्च, बुधवार

आजी,

गठ्ठा पोचला. एकोणचाळीस पत्रं आहेत. दुपारच्या सुट्टीत कामाच्या टेबलावरच वाचत बसते, त्यामुळे काहींना प्लास्टरची बोटं लागलीत. आमच्या कारखान्यात आम्ही सहाजणी आहोत. सकाळी दवाखान्यांतून तोंडाचे ठसे येतात, त्यात प्लास्टर ओतायचं, साचा निघाला की मेणाच्या पट्टीत एकेक दात उभा करायचा. मालकीणबाई म्हणतात, माझी कवळी घातलेला माणूस पहिल्या दिवशीच हसतो. हे मी कधी शिकले, कुणी शिकवलं, मला माहीत नाही.

तुला खरं सांगू का, कसं असतं ते? माझ्यात आळीपाळीने तीन-चार भाडेकरणी राहून गेल्यात. एकीला बिनसाखरेचा चहा लागायचा. एकीने केस कापून टाकले. एकीचं कोपऱ्यावरच्या भाजीवालीशी भांडण झालं असावं, मला बघितलं की ती तोंड फिरवते. कशावरून, ते विचारायची लाज वाटते. त्या निघून जातात आणि खोली मी आवरत बसते.

म्हणून तुझी पत्रं वाचताना मला उड्या माराव्याशा वाटल्या. मी गच्चीवर गायचे! लाल बूट घालून झोपायचे! आणि हे वाच: "चिंगे, तू माशासारखी पोहतेस, बोटं सुरकुतली तरी बाहेर येत नाहीस." रविवारी मी तडक तरणतलावावर गेले. वाटलं, हातांना दात येतात तसं अंगाला पाणी येत असेल. खोल बाजूने उडी मारली आणि आजी, मी धोंड्यासारखी तळाला गेले.

बाहेर काढलं ते खालच्या मजल्यावरच्या सुताराने. तो तिथली बाकं दुरुस्त करायला आला होता. त्याच्याबद्दल लिहायचंच होतं. मोजकं बोलतो. कानावर कायम पेन्सिल. मला पाण्यातून ओढलं तेव्हासुद्धा पेन्सिल कानावरच होती. मी खोकून खोकून संपल्यावर म्हणाला, "पुढच्या वेळी आधी पाय बुडवून बघा." आणि जिन्यात म्हणाला, "दोन चुली कशाला? तुम्ही खाली या, नाहीतर मी वर येतो."

मी झटक्यांचं सगळं सांगितलं. म्हटलं, "उद्या तुम्हाला ओळखलंच नाही तर?" म्हणाला, "मग ओळख करून देईन. माझी ओळख काय, दोन वाक्यांत संपते."

मी मुदत मागितलीय, तुझी पत्रं संपेपर्यंत. आपण कोण हेच ठाऊक नसेल, तर 'हो' तरी कुणी म्हणायचं?

चिंगी


१७ मार्च, मंगळवार

लाडके चिंगे,

सुतार! अगं बाई, सुतार! मी पायात एक चप्पल घालून आख्ख्या गल्लीला सांगून आले. दुसरी चप्पल परत आल्यावर सापडली.

बूट, पोहणं असं काहीतरी होतं, पण तिथे शिंपीण अशी काही खिदळली की मला धड ऐकूच आलं नाही. तू पाण्यात पडलीस आणि त्याने काढलं, एवढं कळलं. झकास सुरुवात. तुझ्या आजोबांनी मला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी साबणाच्या पाण्यावरून घसरून पालथी पडले होते. पाय मुरगळला तो मुरगळला, नवरा मिळाला.

माणूस मोजकं बोलतो हे तर फारच छान. घरात बोलणारं एकच असावं, आणि ती तू. तो दोन वाक्यांत संपतो म्हणालीस ना, मग उरलेला दिवस सगळा तुझा. शिंपीण म्हणते, सुताराच्या घरचा पलंगच आधी डुगडुगतो, जसं तिच्या पोराच्या सदऱ्याला बटण नसतं. मी म्हटलं, डुगडुगू दे, पडले तर दोघं पडतील.

मुदत कसली मागतेस? गठ्ठ्यात काय मोठं सापडणार आहे? तू लबाड, हट्टी, प्रेमळ आणि नकटी. झाली वही. हो म्हण आणि मला कळव, तोवर मला घास उतरायचा नाही. (उतरतोय, पण तरी.)

तुझी आजी


२८ मार्च, शनिवार

आजी,

सुताराला 'नाही' म्हणून सांगितलं. का, ते त्याला सांगितलं नाही. तो "बरं" म्हणाला आणि खाली गेला. त्या दिवसापासून रंध्याचा आवाज नाही.

गठ्ठ्यात शेवटून तिसरं पत्र होतं. उतरवून देते, म्हणजे तू नाकारणार नाहीस.

"लाडके चिंगे, तू गेलीस त्याला आज पंधरा दिवस झाले. पोर दारात बसून असते. बाटलीने दूध पाजते आहे. ती रडत नाही, मला त्याचंच जास्त वाटतं. तू वाईट नाहीस, तुला एका जागी राहवत नाही एवढंच. पण पोरीसाठी ये."

तर मला मुलगी आहे. आणि मी तिला दारात बसवून निघून गेले. माझ्या पोटावर टाक्यांची खूण आहे, ती कशाची हे मी किती वेळा मनाला विचारलं होतं. आता कळलं.

तुम्ही सगळ्यांनी मला हे विसरू दिलंत. चांगल्यासाठीच असेल. पण ज्या बाईने एकदा असं केलं, ती पुन्हा करील. तेव्हा ती कोण होती ते मला आठवतसुद्धा नाही, मग तिला मी अडवणार कशी? अशा बाईने कुणाच्या घरात शिरू नये.

मालकीणबाईंना सांगितलंय, एप्रिलअखेर काम सोडते. मग तिला शोधायला निघेन. मला फक्त एवढं लिही: ती कुठे आहे, आणि केवढी आहे.

चिंगी


१२ एप्रिल, रविवार

आजी,

पंधरा दिवस झाले. तू गप्प आहेस. तू कधी गप्प नसतेस. म्हणजे ती जिवंत नाही का?

चिंगी


१९ एप्रिल, रविवार

चिंगे,

ती जिवंत आहे. एकतीस वर्षांची आहे. कवळ्या बनवते.

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात ते हेच गं माझ्या बाई. दारात बसलेली ती पोर तू आहेस. ज्या चिंगीला मी ते पत्र लिहिलं ती तुझी आई. तीही माझी चिंगीच. मी दोघींना एकाच नावाने हाक मारली, साल घातलं नाही, आणि चष्मा नसताना पेटीत हात घातला. ती जाताना घरात टाकून गेलेली तिची पत्रं तुझ्या गठ्ठ्यात गेली. पोहायची ती. गायची ती. लाल बूट तिचे. तू तर बादलीतल्या पाण्यालाही भ्यायचीस, आणि मी मेली शिंपिणीबरोबर खिदळत बसले! पोटावरची खूण आतड्याच्या दुखण्याची आहे, बारा वर्षांची होतीस, मी दवाखान्याच्या बाकावर बसून होते. तुला मूल झालेलं नाही. तू कुणाला सोडून गेलेली नाहीस.

हे मला २८ तारखेचं पत्र ऐकल्या क्षणी कळलं. शिंपीण वाचून गप्प झाली. शिंपीण! त्यावरून समज. त्याच दिवशी चार ओळी लिहून टाकल्या असत्या तर तुझे तीन आठवडे वाचले असते. तीनदा लिहिल्या आणि तीनदा फाडल्या. कारण पहिलं खरं सांगितलं की दुसरं सांगावं लागतं.

तुझी आई मेलेली नाही. निदान मला तसं कुणी कळवलेलं नाही. तुझा बाप तुझ्या जन्माआधीच दुसरीकडे संसार मांडून बसला होता. तू वर्षाची असताना ती एका सकाळी म्हणाली, कामाचं बघून येते. केस विंचरले, तुझा पापा घेतला आणि बसमध्ये बसली. पत्र लिहिलं, पण पाठवू कुठे? पत्ताच नव्हता. ते तुझ्या हातात आलं ते कधी पोस्टात पडलंच नव्हतं.

तू चार वर्षांची झालीस तेव्हा विचारलंस, माझी आई कुठाय? मी म्हटलं, "गेली." खरं तेच सांगितलं. गेली. पण शाळेत तू तेच सांगितलंस, आणि दुसऱ्या दिवशी शाळेच्या बाई पांढरी फुलं घेऊन दारात उभ्या. आता फुलं परत कशी करायची, सांग? मी घेतली. पाण्यात ठेवली. तुझ्याकडे बघून बाई रडल्या, शेजारपाजारचे आले, आणि मला वाटलं, हेच बरं. मेलेली आई पोरीला नको म्हणत नाही. निघून गेलेली म्हणते.

लहानपणी केलं ते केलं, त्याला मी अडाणीपण म्हणेन. पण पुढे तुला झटके यायला लागले. प्रत्येक झटक्यानंतर तू लहान मुलीसारखं तोंड करून विचारायचीस, आई कुठाय? चार वेळा देवाने मला कोरी पाटी हातात दिली, आणि चारही वेळा, डिसेंबरात तर पत्रातूनसुद्धा, मी तेच अक्षर गिरवलं. गेली. तू पुन्हा रडायचीस, नव्याने, जशी कालच मेली. आणि मी तुला कुशीत घ्यायचे. मला तेव्हा बरं वाटायचं चिंगे, हे कबूल करते. तू माझ्याकडेच यायचीस ना.

ती तुझी आई होती, पण तू ती नव्हेस. तू हातात घेतलेलं काम टाकून कधी उठली नाहीस. शाळेत एकदा घंटा झाली तरी गणित सोडवत बसलीस, शिपायाने बाहेरून कुलूप लावलं, शेवटी खिडकीतून काढावी लागली. हे तुझं आहे. नक्की तुझं. मी त्या खिडकीखाली उभी होते.

काम सोडू नकोस. माझ्यावर रागव, हवं तेवढं रागव. शोधायला मात्र निघू नकोस, तिथे कुणी नाहीये.

आजी


२४ एप्रिल, शुक्रवार

आजी,

रागावलेय. ते आधी लिहून ठेवते, पुढे विसरले तर राहायला नको.

तुझं पत्र कामाच्या टेबलावर वाचलं. मालकीणबाईंनी विचारलं, "कुणी गेलं का?" मला हसू फुटलं आणि थांबेना. कुणी गेलं का! त्यांनी मला पाणी दिलं आणि म्हणाल्या, "तुझ्या जागेवर मी अजून कुणाला घेतलेलं नाही." मग मी पुढ्यातली कवळी पुरी केली.

कुणाची कवळी कुणाला गेली तर काय होतं माहितेय? एकदा झालं होतं असं मुली सांगतात. बसते. बरीचशी बसते. माणूस आठ दिवस घालून फिरतो, आणि चावायला गेला की कळ येते. मी गठ्ठ्याचे दोन भाग केले. पोहणं, गाणं, लाल बूट तिच्या ढिगात. गाणं ठेवताना वाईट वाटलं. घंटा, कुलूप आणि खिडकी माझ्या ढिगात. सहा पत्रं कुणाची ते कळत नाहीत, ती तुला परत पाठवतेय. आता चष्मा आला असेल ना, वाच आणि काठावर लिही, कोणती चिंगी.

एक गोष्ट तुझ्याशिवाय कुणाला सांगता येणार नाही. महिनाभर मला एक मुलगी होती. मी तिचं वय मोजायचे, कधी सात, कधी अकरा. तिला काय विचारायचं, काय सांगायचं, सगळं ठरवलं होतं. ती नाहीच हे कळल्यावर मी तिच्यासाठी रडले. मग मनात आलं, जी दारात बसून रडत नव्हती तिच्यासाठी कुणी रडलंच नव्हतं, तू सोडून. तर तेही त्यातच झालं असं धरते.

काल खाली गेले. सुतार एका खुर्चीला सांधा मारत होता. मी सगळं सांगितलं, आई, पत्रं, तू, मुलगी. त्याने ऐकलं आणि विचारलं, "मग ते 'नाही' कुणाचं होतं?" म्हटलं, "बहुतेक आईचं." तो म्हणाला, "बरं. तुमचं काय ते सांगा."

मी 'हो' म्हटलं, पण अट घालून. त्याला म्हटलं, पुढचा झटका येणार, डॉक्टरांनी सांगितलंय. त्यानंतर मी तुम्हाला ओळखलं नाही, तर तुम्ही मला 'तू माझी बायको' म्हणून सांगायचं नाही. खाली जायचं आणि पुन्हा पहिल्यापासून विचारायचं. आता दुसऱ्याने लिहून दिलेलं मला काही नको. त्याने पेन्सिल काढली आणि समोरच्या फळीवर अट लिहून घेतली.

तुलाही अट आहे. मी पुन्हा विचारीन, आई कुठाय. एक कागद आत्ताच लिहून पाठव. तो सुताराकडे राहील. त्यात खरं असू दे.

चिंगी


२ मे, शनिवार

लाडके चिंगे,

हो म्हणालीस! आणि रागावलीस! दोन्ही एकाच पाकिटात! मी रडले, मग चहा केला, मग शिंपिणीला सांगायला गेले तर ती म्हणाली, आजी, उलट करा, आधी चहा. सहा पत्रांवर लिहिलंय. चार तुझी. एक तिचं. आणि एक कुणाचं ते मलाही कळलं नाही, दोघीही मांजर मागायच्या. ते दोघींचं समज.

फळीवर लिहून घेणारा माणूस मला आवडला. फळी विकू देऊ नकोस त्याला.

कागद सोबत आहे. सहा वेळा लिहिला. शिंपीण म्हणाली, थोडं गोड करा. मी म्हटलं, गोड करूनच तर इथवर आलो.

तुझी आजी


(सोबतचा कागद)

बाई गं,

तू कोण ते तुला आत्ता आठवत नसेल. मीही आठवत नसेन. मी तुझी आजी, तुझ्या आईची आई. घाबरू नकोस, हे तुला याआधीही झालंय, आणि दर वेळी तू उठून कामाला गेलीयस.

तू दात बनवतेस. चांगले बनवतेस. तुला पोहता येत नाही, कुणी काहीही सांगो.

तुझी आई निघून गेली. मेली नाही, निघून गेली. कुठे ते मला माहीत नाही. तू तेव्हा वर्षाची होतीस, तुझं काही चुकलं नव्हतं. मी तुला खूप वर्षं खोटं सांगितलं, त्याचा तुझा माझ्यावरचा राग इथे लिहून ठेवते. तुला हवा तेव्हा काढ. मी गेले असले, म्हणजे खरंच मेले असले, तरी काढ.

ज्याने हा कागद दिला तो खालच्या मजल्यावर राहतो. तो तुला एक गोष्ट विचारणार आहे. मागच्या वेळी तू काय उत्तर दिलंस ते मला माहीत आहे, आणि माझ्या जिभेवर आलंय, पण इथे लिहीत नाही. तुझं तू बघ. त्याला वाट बघता येते.

आजी